बाण कुठं अडकतो

“बघ, अडकला परत,” अप्पा फोनवर म्हणाले. “हिरीपासनं सरळ येतोय, आन् बांधावर आला की थबकतोय. मग एकदम उडी मारून फुडं.”

कर्सरला अप्पा बाण म्हणत. रविवारचे चार वाजले होते. दर रविवारी मी याच वेळी साताऱ्याहून तासगावला फोन करत असे, कारण पाच वाजता आई स्वयंपाकाला लागायची आणि दिवस मावळायच्या आत दोघांची जेवणं होत. मधला एक तास बोलायला मिळायचा. गेले तीन रविवार तो सगळा तास त्या बाणानेच खाल्ला होता.

संगणक मीच दिला होता. आमच्या कॉलेजच्या ग्रंथालयात नवे संगणक आले, तेव्हा जुन्यांपैकी एक मी घेतला आणि त्यात शेतीचा एक खेळ घालून अप्पांना नेऊन दिला. विहीर खणायची, मोटार बसवायची, माउसचं बटण दाबून धरून विहिरीपासून बागेपर्यंत पाइपलाइन ओढायची. मध्ये हात वाकडा गेला की पाइप वाकडा जातो आणि पाणी भलतीकडे पसरतं. अप्पांनी चाळीस वर्षं दुसऱ्यांच्या द्राक्षबागांच्या पाण्याच्या मोटारी रिवाइंड केल्या, जळालेली तार काढून नवी गुंडाळली. स्वतःची जमीन नव्हती. खेळात त्यांची अकरा एकर बाग झाली होती.

बाण अडकू लागल्यावर त्यांनी आधी लाइनवर संशय घेतला. शेजारच्या बेदाण्याच्या शेडमधला पंखा सुरू झाला की व्होल्टेज पडतं, असं त्यांचं म्हणणं. दोन दिवस मीटर लावून बसले. व्होल्टेज पडत नव्हतं. मग ज्याच्याकडून मी त्यांना माउस घेऊन दिला होता, त्या दुकानदारावर घसरले. “रिवाइंड केलेला माल नवा म्हणून खपवलाय बेण्यानं. आमच्याच धंद्यातला दिसतोय.” आईचा संशय मुंग्यांवर होता. मुंग्या निघाल्या असत्या तर पंचाईत झाली असती, कारण त्या मारायच्या नाहीत आणि माउस तर हवा. पण मुंग्याही नव्हत्या.

माझा संशय अप्पांवर होता. ज्या माणसाने पाण्यात बुडालेल्या मोटारींचे दोष नुसत्या आवाजावरून ओळखले, त्याला एवढासा माउस दुरुस्त करता येऊ नये? मला वाटलं, मला घरी बोलावून घ्यायचं हे निमित्त असावं. तरी मी इंटरनेटवर शोधून एकेक उपाय वाचून दाखवला. माउसच्या पोटातली काच कापसाने पुसा. खाली पांढरा कागद ठेवा. वायर मागच्या भोकात लावा. सेटिंगमध्ये जाऊन वेग कमी करा, ‘अचूकता वाढवा’ पुढची खूण काढा. खेळाच्या सेटिंगमधली चित्रं साधी करा. अप्पा प्रत्येक गोष्ट करत आणि थोडा वेळ थांबून सांगत, “न्हाई गं.”

त्या रविवारी मी शेवटचा उपाय केला. लांबून दुसऱ्याचा संगणक चालवता येतो, असं एक सॉफ्टवेअर आम्ही ग्रंथालयात वापरतो. ते आधीच्या खेपेला मी त्यांच्याकडे घालून ठेवलं होतं. मी म्हटलं, अप्पा, तुम्ही माउसवरून हात काढा, आता मी ओढते.

साताऱ्यात बसून मी तासगावच्या त्या बागेत पाइप ओढला. विहीर, बांध, पहिली रांग, दुसरी रांग. बाण कुठेही थबकला नाही.

“पळतोय की,” अप्पा म्हणाले.

मग मी हात काढला आणि त्यांना ओढायला सांगितलं. माझ्या पडद्यावर बाण निघाला. बांधावर थांबला, जागच्या जागी थरथरला, एकदम उडाला. पाणी बांधावरच्या आंब्याखाली पसरलं.

“तुझ्याकडनं पळतोय,” अप्पा सावकाश म्हणाले. “माझ्याकडनं न्हाई.”

त्यांच्या दुकानातली तपासायची रीत मला लहानपणापासून माहीत होती. बदली करून बघायचं. शेतकरी बिघडलेली मोटार घेऊन आला की त्याच्या विहिरीवर तिच्या जागी आपली चांगली मोटार लावायची. ती चालली, तर दोष मोटारीत; तीही चालली नाही, तर दोष मोटारीत नाही. त्या दुपारी आम्ही दोघांनी नेमकं तेच केलं होतं.

त्या रविवारच्या तीन आठवडे आधी आम्ही सांगलीला एका लग्नाला गेलो होतो. स्टँडवर अप्पांच्या उजव्या पायातली चप्पल दोनदा निसटली. पट्टा सैल झालाय, असं ते म्हणाले. मी पट्टा पाहिला होता, तो सैल नव्हता. मी त्यांना तिथल्याच दुकानातून नवी चप्पल घेऊन दिली.

आणि आता मी म्हणाले, “नेट हळू आहे, अप्पा. आणि माउसही खराब झालाय. नवा मागवते. बुधवारपर्यंत येईल.”

अप्पा म्हणाले, “व्हय. माउसच असंल.” आईने आतून हाक मारली होती. साडेपाच होऊन गेले होते, भाकरी झाली होती.

तो शेवटचा साधा दिवस.

मंगळवारी सकाळी मंदिराला जायला निघताना अप्पा उंबऱ्यातच पडले. माझा चुलतभाऊ जिनेंद्र गाडीने त्यांना सांगलीला घेऊन गेला. मी साताऱ्याहून पोचले तेव्हा त्यांची उजवी बाजू गेलेली होती आणि वाचा बंद होती. डॉक्टरांनी विचारलं, आधीच्या काही दिवसांत हातात-पायात कमजोरी, वस्तू निसटणं, असं काही जाणवलं होतं का? आई म्हणाली, न्हाई. डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मीही नाही म्हणाले.

गुरुवारी पहाटे अप्पा गेले. बुधवारी नवा माउस येऊन शेजारच्या घरी पडला होता.

सगळे विधी झाल्यावर पाहुणे पांगले. मी आणखी चार दिवस राहिले. जिनेंद्र रोज एक चक्कर मारायचा आणि रोज तोच विषय काढायचा. त्याचा आधी डॉक्टरांवर संशय होता, मग गोळ्यांवर, मग तासगावात ज्यांनी महिन्यापूर्वी रक्तदाब तपासला होता त्यांच्यावर. असा झटका एकाएकी येत नाही, आधी खूण दाखवतो, असं त्याने कुठेतरी वाचलं होतं.

“काका तुझ्याशी दर आयतवारी बोलायचे,” तो मला म्हणाला. “काय तरी म्हणले असतील की.”

“माउस अडकतो म्हणायचे,” मी म्हणाले.

“त्ये न्हवं गं. तब्येतीचं.”

मी चहाचे कप उचलून आत गेले.

आईचा सगळा राग संगणकावर होता. दिवसदिवस त्याच्यासमोर बसून डोक्यावर ताण आला, असं ती येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होती. तिला तो घरात नको होता. शेवटच्या दिवशी सकाळी तिने मला तो साताऱ्याला परत घेऊन जायला सांगितलं. जिनेंद्र दुपारी मला गाडीने सोडणार होता.

वायरी काढण्याआधी मी संगणक सुरू केला. का केला, ते मला पक्कं ठाऊक होतं. मला तो माउस अडकलेला बघायचा होता. इतके दिवस मी मनाशी खटला चालवत होते. लांबून बाण हलवताना अप्पांचा माउस वापरातच नसतो, म्हणजे त्या रविवारच्या तपासणीने माउस निर्दोष सुटत नव्हता. आतली वायर तुटत आलेली असेल, काचेवर ओरखडा असेल. माझ्या हातातही बाण एकदा, एकदाच थबकला, तरी मला जिनेंद्रच्या डोळ्यांत बघता आलं असतं.

पण माउस जागेवर नव्हता. त्याच्याखाली अप्पा मोटारीच्या इन्सुलेशनचा जाड कागद घालत. तो कागद होता, त्यावर माउस नव्हता. टेबलाच्या खणात नव्हता, पडद्यामागे नव्हता. आईने रागाच्या भरात टाकून दिला असेल, असं वाटून मी तिला विचारलं. तिने त्याला हातही लावला नव्हता. मग मला जिनेंद्रचाही संशय आला.

शेवटी मी शेजारून आणलेला नवा माउस खोक्यातून काढून लावला आणि खेळ उघडला.

रविवारी आंब्याखाली पसरलेलं पाणी आटवलेलं होतं. वाकडा पाइप काढून टाकलेला होता. विहिरीपासून निघालेली नवी पाइपलाइन बांध ओलांडून सगळ्या रांगांमधून शेवटच्या वेलीपर्यंत सरळ गेली होती. खेळ जिथे थांबवला, त्याची तारीख कोपऱ्यात होती. सोमवार.

म्हणजे सोमवारी बाण अडकत नव्हता. म्हणजे त्यांनी माउस दुरुस्त केला होता. म्हणजे दोष माउसचाच होता.

आई दारात मेथी निवडत बसली होती. मी तिला विचारलं, सोमवारी अप्पांनी माउस उघडला होता का.

“उघडला न्हाई,” ती म्हणाली. “सकाळभर डाव्या हातानं खेळत बसले हुते. मी म्हटलं, आवं, ह्ये काय नवीन? तर म्हणले, बदली करून बघतोय. मला वाटलं, खेळाचाच काय तर नियम असंल.”

मी परत खुर्चीत बसले. पंखा फिरत होता, समोरची सगळी बाग हिरवी होती.

“मग त्ये दुकानात गेले,” आई म्हणाली. “जेवायलाबी उशीर केला.”

दुकान म्हणजे घराची पुढची खोली. दोन वर्षांपासून बंद होती, पण किल्ली कोनाड्यात असायची. शटर वर केल्यावर व्हार्निशचा वास आला. भिंतीला लागून लोखंडी मांडणी होती. तयार झालेल्या मोटारी अप्पा तिथे ठेवत आणि प्रत्येकीला पुठ्ठ्याची चिठ्ठी बांधत. कॉइल बांधायच्या पांढऱ्या सुती फितीने, दोन गाठी मारून. चिठ्ठीवर मालकाचं नाव, गाव आणि खाली काय दोष निघाला ते.

कधीकधी मोटार चांगलीच असायची. दोष स्टार्टरमध्ये असायचा, केबलमध्ये असायचा, किंवा विहिरीलाच पाणी उरलेलं नसायचं. अशा वेळी अप्पा चिठ्ठीवर लिहीत, दोष नाही. मोटार न्यायला आलेला शेतकरी चिठ्ठी वाचायचा आणि हटकून विचारायचा, मग दोष कशात हाय? ते अप्पांनी कधी कागदावर लिहिलं नाही. आपली वस्तू सोडून दुसऱ्या कशाचा दोष चार लोक वाचतील असा लिहू नये, मालकाला समोर बसवून तोंडानं सांगावा, अशी त्यांची रीत होती. विहीर आटल्याचं तर ते फार हळू सांगत. आधी त्याला चहा पाजत.

मांडणी रिकामी होती. फक्त मधल्या फळीवर माउस होता. वायर नीट गुंडाळून सुती फितीने बांधलेली, आणि फितीला चिठ्ठी.

अक्षर अप्पांचं वाटतच नव्हतं. लहान मुलाने काढल्यासारखं मोठं, डावीकडे कललेलं. पेनही डाव्या हातातच धरलेलं असणार.

दीपाली. सातारा.
दोष नाही.

मी चिठ्ठी पुनःपुन्हा वाचली. त्यांनी मंगळवारी फोन केला असता का, हे मला माहीत नाही. मी कामावर असते म्हणून ते एरवी कधी करत नसत. बहुतेक रविवारपर्यंत थांबायचं ठरवलं असणार. चारला माझा फोन आला असता, आणि तोंडानं सांगायचं ते त्यांनी सांगितलं असतं.

घरात आले तेव्हा आईची मेथी अर्धी निवडून झाली होती. माझ्या हातातला माउस बघून ती म्हणाली, “सापडला व्हय. कुठं हुता?”

“मांडणीवर. चिठ्ठी बांधून ठेवलाय.”

आईचा हात थांबला. त्या चिठ्ठ्या तिनेही जन्मभर पाहिल्या होत्या. पुठ्ठे कापून द्यायचं काम तिचंच असायचं.

“काय लिवलंय?”

मी वाचून दाखवलं. बाहेर जिनेंद्रच्या गाडीचा आवाज आला आणि बंद झाला. तो आत येऊन चप्पल काढत उभा राहिला. आई माझ्याकडे बघत होती. तिने विचारलं ते अगदी साधं होतं, दुकानात आलेला कुणीही विचारायचा तसंच.

“मग दोष कशात हुता?”

मी तिच्यासमोर फरशीवर बसले. मेथीचं ताट बाजूला केलं.

“हातात,” मी म्हणाले. “अप्पांच्या उजव्या हातात, आई. मला त्या रविवारीच कळलं होतं.”