अवकाशाचं टेबल

"अगं ललिता, तिकडं कुठं उभी राहिलीस? तू समाजाच्या टेबलाशी."

ग्रंथपाल शुभांगीताईंनी सभागृहाच्या दुसऱ्या टोकावरून हाक मारली, तेव्हा ललिता अवकाशाच्या टेबलावरची पुस्तकं सरळ करत होती. वाचनालयाच्या वरच्या मजल्यावर चार टेबलं मांडली होती. अवकाश, समुद्र, देश, समाज. स्टेजवर फलक लावला होता : 'सीमा – अवकाशापासून समाजापर्यंत. पुस्तक प्रदर्शन आणि वाचकांचं मनोगत.' फलकाच्या दोन्ही बाजूंना वारली चित्रं रंगवलेली कापडं सोडली होती. सीमा म्हटलं की यांना आदिवासी आठवतो, आणि आदिवासी म्हटलं की भिंतीवर नाचणारी काडीची माणसं.

"ताई, मी यानाच्या पुस्तकाचं नाव दिलं होतं ना बोलायला?"

"अगं हो, पण अवकाशावर रोहित सर बोलतायत. इंजिनिअरिंगला शिकवतात ते. तुझं नाव मी इकडं घेतलं." शुभांगीताईंनी तिच्या हातात एक जाडजूड पुस्तक ठेवलं. डोंगरातून बाहेर कामाला जाणाऱ्या माणसांवरचं. "हे तर तुझंच आयुष्य आहे. तुझ्याइतकं अस्सल कोण बोलणार?"

"वाचलंय मी. चांगलंय."

"मग झालं तर! आणि भिकाचं सांग. लोकांना कळू दे."

शुभांगीताई वाईट बाई नव्हत्या. तीच तर खरी अडचण. वाईट माणसाला तोंडावर नाही म्हणता येतं. या बाईंनी ललिताला सभासद करून घेतलं होतं, ड्यूटीमुळं पुस्तक परत करायला उशीर झाला तर कधी कपाळाला आठी घातली नव्हती. भिकाचा फोन लागायचा बंद झाला त्या दिवशी ललिता यांच्याच काउंटरशी उभी राहून रडली होती. रडताना माणूस पुढच्याला काय काय सांगून बसतो. तेच सांगणं आज कार्यक्रमाच्या कामी येत होतं.

ललिता एका खासगी दवाखान्यात आया होती. पेशंटचं अंग पुसायचं, भांडं द्यायचं, चादरी बदलायच्या. आणि सुटी मिळाली की वाचनालयात येऊन अवकाशाचं पुस्तक न्यायचं. हरसूलच्या पुढच्या पाड्यावरच्या बाईला अवकाशाचं कसलं वेड, असं बरेच जण विचारत. शुभांगीताईंना प्रवासवर्णनं का आवडतात, हे मात्र आजवर कुणी विचारलं नव्हतं.

महिनाभर तिनं त्या पुस्तकावर बोलायची तयारी केली होती. दवाखान्यातल्या चादरींच्या खोलीत, बरोबरीच्या मीनासमोर. सगळे ग्रह मागे टाकून, सूर्याची हद्द ओलांडून गेलेल्या एका यानाची ती गोष्ट. मीना चादरींच्या घड्या घालत ऐकायची.

"कधी येणारे गं ते परत?"

"नाही येणार. ते जातच राहणार."

"म्हणजे आमच्या ह्यांच्यासारखंच. निदान पगार तरी पाठवतं का?"

दोघी चादरीत तोंड खुपसून हसल्या होत्या. पण मीनानं पुढं रोज आठवणीनं विचारलं होतं, "हं, काल कुठवर गेलेलं आपलं यान?"

आज ते ऐकायला आई आली होती. चिमणाबाई पहाटेच्या गाडीनं हरसूलहून निघाल्या, सीबीएस स्टँडला उतरून विचारत विचारत वाचनालयात पोचल्या आणि चपला पिशवीत घालून सगळ्यात मागच्या रांगेत, दाराशी बसल्या. पुढं चला म्हटलं तर म्हणाल्या, "हितं बरं हाय. वारं लागतं." लेक माईकवर बोलणार एवढंच त्यांना कळलं होतं. कशावर, ते त्या बसमध्ये बसायच्या आधी ललितानं फोनवर सांगितलं तर म्हणाल्या, "कशावर बी बोल. उभी नीट ऱ्हा."

फोटोग्राफरनं चिमणाबाईंना हेरलंच. गुडघ्यापर्यंतचं लुगडं, गोंदलेले हात. "आजी, जरा या चित्रापाशी उभ्या राहा. हां, हात कपाळावर, लांब बघताय असं."

"काय बघू लांब?"

"काही नाही हो, नुसतं बघा."

ललिता धावत गेली. "ओ दादा, आम्ही वारली नाही. महादेव कोळी आहोत."

"फोटोत काय कळतंय, ताई!" तो म्हणाला, आणि त्यानं फोटो काढला.

ललितानं आईला पुन्हा जागेवर बसवलं. तिला खरी धास्ती या फोटोची नव्हती. भिकाचं सांग, असं शुभांगीताई म्हणाल्या होत्या आणि आई मागं बसली होती.

भिका तिचा धाकटा भाऊ. द्राक्षाच्या छाटणीला गिरणारे गावच्या मजूर बाजारात उभा राहायचा. तिथून एका मुकादमानं टोळीबरोबर गुजरातकडं नेला. टोळी आली, भिका आला नाही. टोळीतली माणसं म्हणाली, मधेच दुसऱ्या मुकादमाबरोबर गेला. मुकादमानं हात वर केले. पोलीस म्हणाले, पोरगा मोठा आहे, येईल. गरिबाचा माणूस हरवला तर तो हरवत नाही, तो नुसता येत नाही.

चिमणाबाई कुणी विचारलं की एकच सांगत : कामाला गेलाय. पितरांच्या दिवशी पाड्यावर मेलेल्यांची नावं घेऊन भात ठेवतात. भावकीतल्या एकानं एकदा भिकाचं नाव घेतलं, तर या बाईनं त्याच्या हातातली पत्रावळ हिसकावून घेतली होती. चारचौघांत नाव त्या ओळीत घेतलं की माणूस त्या ओळीत बसला. मग त्याला उठवता येत नाही. तेव्हापासून घरात, पाड्यावर, कुणीही भिकाबद्दल 'होता' म्हणत नसे.

"ताई," ललितानं शुभांगीताईंना स्टेजच्या पायरीशी गाठलं, "भिकाचं नको. आई आलीय."

"अगं, मग तर छानच! त्यांनाही मोकळं वाटेल."

तेवढ्यात पाहुणे आले आणि शुभांगीताई हार आणायला धावल्या.

रोहित सर बोलायला उभे राहिले ते राहिलेच. स्लाइड अडकली, मग सुटली, मग पुन्हा अडकली. समुद्रवाले बोलले, देशवाले बोलले. लोक घड्याळ बघू लागले. प्रमुख पाहुण्यांना दुसरा कार्यक्रम होता, ते नमस्कार करत निघून गेले आणि पुढची रांग त्यांच्याबरोबर रिकामी झाली. खालून चहाचा वास येऊ लागला. मग शुभांगीताईंनी माईक घेतला.

"आणि आता शेवटी एक अस्सल आवाज. आपली सभासद ललिता. जिनं याच स्थलांतरात आपला भाऊ, भिका, कायमचा गमावला..."

ललितानं मागं बघितलं. चिमणाबाई उभ्या राहिल्या होत्या. पिशवी छातीशी धरलेली. माईकवरचा 'गमावला' हा एक शब्द त्यांना नीट कळला होता, आणि तो कुणीतरी परत घेईल म्हणून त्या उभ्या होत्या.

ललिता स्टेजवर गेली नाही. आधी अवकाशाच्या टेबलाकडं गेली. तिथलं यानाचं पुस्तक उचललं, हातातलं जाड पुस्तक त्या जागी ठेवलं आणि मग पायऱ्या चढली.

"माझा भाऊ कामाला गेलाय," ती म्हणाली. माईकनं ते सगळ्या सभागृहात नेलं. "ताईंनी चुकून वेगळं सांगितलं. मी या पुस्तकावर बोलणार आहे."

"ललिता, विषय..." शुभांगीताई कुजबुजल्या. त्यांचा चेहरा खरोखर दुखावलेला होता. ललितानं तो बघितला आणि पुस्तक उघडलं.

दवाखान्यात मीनासमोर जमायचं तसं जमलं नाही. दोनदा अडखळली. एका ग्रहाचं नाव चुकलं, रोहित सरांनी खालून दुरुस्त केलं, ती "हो, तेच" म्हणाली आणि पुढं गेली. लोकांना भाऊ हवा होता. भाऊ मिळत नाही म्हटल्यावर खुर्च्या सरकू लागल्या. चहाला जाणारे वाकून, हळू पावलांनी जात होते, अंत्ययात्रेतून मधेच सटकावं तसे. माईकवाल्याला वाटलं आटोपलं. त्यानं खटका दाबला आणि वायर गुंडाळायला घेतली.

ललिता बोलतच राहिली. त्या यानातली वीज कमी कमी होत चाललीय, म्हणून त्याचं एकेक यंत्र इथूनच बंद करतात, पण बोलायचं यंत्र चालू ठेवतात. त्याचा आवाज इथं पोचेपर्यंत इतका बारीक होतो की तो आहे की नाही हेच कळू नये. पण तो ऐकायला अँटेनाच्या मोठमोठ्या थाळ्या आभाळाकडं करून माणसं पाळीपाळीनं बसलेली असतात.

मागून कुणीतरी येत होतं. चिमणाबाई. अनवाणी, रिकाम्या खुर्च्यांना हात लावत, एकेक रांग मागं टाकत त्या पुढं आल्या. पहिल्या रांगेत मधल्या खुर्चीवर 'प्रमुख पाहुणे' असा कागद चिकटवलेला होता. त्यांनी तो नखानं सोडवला, घडी घालून मांडीवर ठेवला आणि बसल्या.

"मोठ्यानं बोल," त्या म्हणाल्या. "मागं कायच आयकू येत नव्हतं."