पोपटरावांचा फिजिओ

भांडगावात कुणाचं काही अडलं, की लोक पोपटराव शितोळ्यांच्या ओट्यावर येऊन बसत. पोपटराव विकास सोसायटीचे चेअरमन. साखर कारखाना, दूध संघ, बाजार समिती, तलाठी कचेरी, सगळीकडे त्यांची ओळख. समोरच्याचं अर्धंच ऐकून घेत आणि म्हणत, "थांबा, एक फोन लावतो." बहुतेक वेळा काम होई. त्यामुळे जगातली कुठलीही गोष्ट योग्य माणसाला फोन लावला की होते, असं त्यांचं प्रामाणिक मत बनलं होतं.

फोन लावून न झालेली पहिली गोष्ट म्हणजे त्यांच्या मुलाचा, इंद्रजीतचा, गुडघा.

इंद्रजीत पैलवान होता. पुण्याच्या तालमीत राहायचा, आसपासच्या जत्रांमध्ये त्याचं नाव पुकारलं की लोक सावरून बसायचे. शिरूर तालुक्यातल्या एका जत्रेत कुस्ती रंगात आली होती. समोरच्या पोरानं काही केलंही नाही. इंद्रजीतचा पाय मातीत रुतला आणि वरचं अंग फिरलं. आखाड्याच्या कडेला फेटा बांधून बसलेल्या पोपटरावांना तो आवाज स्पष्ट ऐकू आला, ओली फांदी मोडावी तसा.

पुण्यात ऑपरेशन झालं. डॉक्टरांनी सांगितलं, हा चालेल, पळेलही, पण कुस्ती आता विसरा. पुढचे काही महिने फिजिओथेरपी करावी लागणार होती. शिरूरला अनुपमा मॅडम म्हणून एक चांगल्या फिजिओ होत्या आणि पोपटरावांची बहीण अनिताही तिथंच राहायची. इंद्रजीत आत्याच्या घरी जाऊन राहिला. त्या दिवसांत तो कुणाशी धड बोलत नव्हता. आईनं, वच्छलाबाईंनी, फोन केला की "हां", "बरं", "ठेवतो", एवढंच.

घरी परत आला तो काठीशिवाय, सरळ चालत. पहिल्याच जेवणाला भाकरी मोडता मोडता म्हणाला, "आप्पा, मला फिजिओथेरपी शिकायचीय."

"म्हंजी?"

"मॅडमनी माझा पाय चालता केला ना, ते. कॉलेज असतंय त्याचं. बारावी सायन्स झालंय माझं. नीटची परीक्षा द्यावी लागंल."

"आरं, नीट द्यायची तर डाक्टर हो की! ह्ये मधलंच काय काढलंस?"

वच्छलाबाईंनी ताटात कालवण वाढलं. "मधलं का हुईना," त्या म्हणाल्या, "पोरगं एवढं बोललं तरी."

दौंडला क्लास लावला. वर्गात सतरा-सतरा वर्षांची पोरं-पोरी आणि त्यांच्यात हा सुजलेल्या कानांचा, बाकात न मावणारा गडी. पोरं त्याला 'पैलवान काका' म्हणायची. पहिल्या वर्षी भौतिकशास्त्रानं त्याला असा आपटला, की निकाल त्यानं घरात मोठ्यानं वाचूनही दाखवला नाही. दुसऱ्या वर्षी त्यानं मोबाईल आईच्या कपाटात ठेवला आणि तालमीत जसा पहाटे उठायचा तसा उठून पुस्तक धरलं. मार्क बरे आले. एमबीबीएसला पुरणार नव्हते, पण फिजिओथेरपीच्या यादीत नाव लागेल एवढे होते.

तेव्हा पोपटरावांनी फोन लावले.

यवतच्या एका ढाब्यावर दुपारी एक एजंट भेटायला आला. कडक इस्त्रीचा शर्ट, दोन मोबाईल. "साहेब," तो म्हणाला, "परराज्यात आयुर्वेदाची जागा आहे. मॅनेजमेंट कोटा. थोडं जास्त जाईल, पण मुलाच्या नावापुढं डॉक्टर लागेल. तुमच्यासारख्यांच्या घरात ते शोभतं."

पोपटराव खुलले. इंद्रजीतनं मात्र विचारलं, "तिथल्या हॉस्पिटलात पेशंट किती येत्यात?"

"पेशंटचं काय घेऊन बसलात? डिग्रीचं बघा."

इंद्रजीत उठला. "आप्पा, मला नको. आयुर्वेद ज्याला शिकायचाय त्यानं शिकावा, ते शिक्षण मोठंच हाय. पर मला ते शिकायचं न्हाई. आन् पेशंटच नसतील तर काय शिकणार?"

दोघं जीपनं परत निघाले. भांडगावचा फाटा आल्यावर पोपटराव म्हणाले, "लोकं इचारतील, पोरगं काय शिकतंय. काय सांगू?"

"फिजिओ होतोय म्हणून सांगा."

"आन् फिजिओ म्हंजी काय, असं इचारलं तर?"

इंद्रजीत खिडकीबाहेर बघत म्हणाला, "ते मलाबी अजून नीट सांगता येत न्हाई, आप्पा."

प्रवेशाच्या फेरीत पुण्यातलं खासगी कॉलेज मिळालं. वर्षाची फी उसाच्या बिलातून निघणारी होती, पोपटरावांचं तिथं काही अडलं नाही. त्यांचं अडलं ते चारचौघांत. शेजारच्या वावराचा ज्योतिबा, त्यांचा लहानपणापासूनचा सोबती, एका लग्नाच्या मांडवात सगळ्यांसमोर म्हणाला, "काय चेअरमन, पैलवान मालिशचा कोर्स करतोय म्हनं?" सगळे हसले. पोपटरावही हसले. घरी आल्यावर त्यांना स्वतःच्या त्या हसण्याचाच जास्त राग आला. पण त्यावर तोड काही सापडली नाही. चार वर्षं त्यांनी फी वेळेवर भरली आणि कॉलेजची पायरी एकदाही चढली नाही.

मग इंद्रजीतची इंटर्नशिप सुरू झाली. एका सकाळी पोपटराव सोसायटीच्या कामानं पुण्याला गेले होते. काम लवकर उरकलं. इंद्रजीतचं हॉस्पिटल वाटेतच होतं. काय मनात आलं कुणास ठाऊक, त्यांनी जीप आत घातली. फोन केला नाही.

फिजिओथेरपीचा विभाग तळमजल्यावर होता. बाहेर बाकावर माणसं बसलेली. कुणाच्या गळ्यात पट्टा, कुणाच्या हातात वॉकर. पोपटराव त्यांच्यातच बसले. दार उघडं होतं. आत पांढऱ्या एप्रनमधली एक रुंद पाठ दिसत होती. ती त्यांनी लगेच ओळखली.

इंद्रजीत एका म्हातारीसमोर खाली, जमिनीवर मांडी घालून बसला होता. तिचा उजवा हात टेबलावर निर्जीव पडलेला. "दगडाबाई," तो म्हणत होता, "अंगठा. बाकी काय नको. नुसता अंगठा उचला."

"न्हाई उचलत, मेल्या. रोज तेच सांगतोस."

"उचलतोय. काल हलला होता."

"काल माशी बसली आसंल."

बाकावरची माणसं हसली. इंद्रजीतही हसला, पण नजर अंगठ्यावरून काढली नाही. पोपटराव बघत राहिले. म्हातारीनं डोळे मिटले, ओठ आवळले, कपाळाची शीर फुगली. काही होईना. इंद्रजीत हलला नाही. घाई नाही, "चला, जोर लावा" नाही. शेतात पाण्याची पाळी असावी आणि पाणी सरीच्या टोकापर्यंत पोचायची वाट बघावी, तसा तो बसून राहिला. हा तोच पोरगा होता, ज्याला वस्ताद ओरडून ओरडून थकले होते, की आरं, डावाची वाट बघ, लगेच अंगावर जाऊ नको.

आणि अंगठा हलला. जेमतेम. टेबलावरून गव्हाच्या दाण्याएवढा उचलला गेला आणि परत पडला.

दगडाबाईंनी डोळे उघडले. "माशी?"

"माशी न्हाई," इंद्रजीत म्हणाला.

म्हातारी रडायला लागली. तिच्या मागं उभ्या असलेल्या तिच्या सुनेनं, करिश्मानं, पदर तोंडाला लावला. पोपटराव उठून बाहेर झाडाखाली जाऊन उभे राहिले.

इंद्रजीतनं त्यांना तिथं गाठलं. "आप्पा! कवा आलात? घरी सगळं ठीक हाय ना?"

"ठीक हाय. चहा पाज."

कॅन्टीनमध्ये दोघं बसले. पोपटरावांनी विचारलं, "ती म्हातारी बरी व्हायला किती येळ लागंल?"

"सांगता येत न्हाई. हात पूर्ण येईलच असंबी न्हाई. पर घास तोंडात घालता आला तरी लई झालं. सून कोरेगाव भीमाहून आणती त्यांना. बसनं. कंपनीतली पाळी बुडवून." त्यानं कप खाली ठेवला. "निम्मे पेशंट अर्ध्यातच यायचे बंद होत्यात, आप्पा. औषध परवडत न्हाई म्हणून न्हाई. एवढ्या लांब रोज यायचं कुणी? आपल्याकडं तर जवळपास कुणीच न्हाई. लकवा मारला, की खाट. संपलं."

पोपटरावांनी चहा बशीत ओतला. बशीतला चहा तसाच निवला. मग ते म्हणाले, "तालमीत तुला दम निघत न्हवता. हितं कुठनं आला?"

इंद्रजीत लाजल्यासारखा हसला. "मॅडमनी मला असंच बसवून ठेवलं होतं. माझा गुडघा वाकत न्हवता तवा. मी शिव्या दिल्या होत्या त्यांस्नी."

त्या दिवशी परत जाताना पोपटरावांनी जीप रस्त्याच्या कडेला घेतली आणि फोन लावले. या वेळी कोटा, जागा, साहेब यातलं काही नव्हतं. सोसायटीच्या इमारतीत मागची खोली रिकामी होती. ती इंद्रजीतला पेशंट बघायला मिळावी म्हणून सगळ्या संचालकांना एकेक करून विचारलं. दोघांनी कां-कूं केलं, त्यांना घरी जाऊन भेटले.

इंटर्नशिप संपली, नोंदणी झाली. इंद्रजीत पुण्यात एका हॉस्पिटलात लागला. पगार ऐकून वच्छलाबाई म्हणाल्या, "रांजणगावच्या कंपनीतली पोरं यापरीस जास्त आणत्यात की रं." तो म्हणाला, "सुरवातीला असाच असतोय, आई." त्यांनी पुढं विषय काढला नाही, फक्त दर आठवड्याला डब्यात लाडू जास्त यायला लागले.

रविवारी तो भांडगावला यायचा आणि सोसायटीच्या मागच्या खोलीत बसायचा. पहिल्या रविवारी तीन माणसं आली. त्यातला एक ज्योतिबा. कंबर धरून आत आला आणि सतरंजीवर पालथा पडला. "हं, पैलवान. घाल पाठीत गुडघा आन् हाड कट् कर."

"मामा, उठून बसा. आधी सांगा, पायाला मुंग्या येत्यात का? लघवीला त्रास?"

"आरं, कंबर दुखतीय आन् तू लघवी काय इचारतोस?"

इंद्रजीतनं सगळं विचारलं, पाय उचलून बघितले, वाकायला लावलं. मग चार व्यायाम दाखवले आणि रोज सकाळी चालायला सांगितलं. ज्योतिबा नाराज होऊन बाहेर आला. "पोपटराव, तुमच्या पोरानं कट् केलंच न्हाई!"

"त्याला कट् करायची गरज वाटली न्हाई," पोपटराव म्हणाले. "वाटली आसती तर केलं आसतं. उद्या सकाळी तयार राहा, मी येतो संगं चालायला."

ते खरंच गेले, रोज गेले. दिवाळीपर्यंत ज्योतिबाची कंबर मोकळी झाली. त्यानं त्याचं श्रेय मेहुण्यानं नाशिकहून आणलेल्या तेलाला दिलं, पण व्यायाम सोडले नाहीत, आणि यवत, केडगावची आपली दुखरी पाहुणेमंडळी रविवारी स्वतः घेऊन येऊ लागला. बाहेर माणसं वाढली तशी पोपटराव खुर्ची टाकून दाराशी बसू लागले. चपला ओळीत काढा, रिपोर्ट हातात ठेवा, मध्ये घुसू नका. फिजिओ म्हणजे काय, असं कुणी विचारलं तर ते म्हणत, "थांब जरा, आत काय चाललंय ते बघ."

उन्हाळ्यात त्यांनी हायवेला एक गाळा बघून ठेवला. मोठी पाटी लावायची होती, नाव इंद्रजीतचं. ते सांगायला बसले, तेव्हा इंद्रजीतनंच आधी सांगितलं. "आप्पा, पुढच्या शिक्षणाची परीक्षा दिली होती. नागपूरला जागा मिळतीय. मेंदूच्या आजारांची फिजिओथेरपी. लकवा, पार्किन्सन, सगळं."

"म्हंजी अजून शिक्षणच?"

"व्हय."

पोपटरावांना वाईट वाटलं. त्यांनी ते लपवलंही नाही; दोन दिवस ते रानात एकटेच फिरले. तिसऱ्या दिवशी ओट्यावर येऊन इंद्रजीतशेजारी बसले. "रविवारच्या माणसांचं काय?"

"अनुपमा मॅडमशी बोललोय. त्यांच्याकडची एक मुलगी येईल शिरूरहून. एक आड एक रविवार."

"दर रविवारी आली पाहिजे. जाण्यायेण्याचं मी बघतो." मग म्हणाले, "आन् गाळा तसाच राहू दे. दुसऱ्याला देत न्हाई."

दौंड स्टेशनवर त्याला सोडायला दोघं गेले. नागपूरची गाडी यायला वेळ होता, ऊन उतरत होतं. वच्छलाबाई डब्यातल्या चटणीवर सूचना देत होत्या. शेजारच्या बाकावर एक वयस्कर गृहस्थ गुडघा चोळत बसले होते. पोपटरावांनी त्यांना थोडा वेळ न्याहाळलं आणि राहवलं नाही म्हणून विचारलं, "जिना उतरताना दुखतंय का चढताना?"

"उतरताना जास्त," गृहस्थ म्हणाले. "तुम्ही डॉक्टर आहात का?"

"मी न्हाई. माझा पोरगा फिजिओ हाय." पोपटराव बाकावर सरकून बसले आणि हात करून म्हणाले, "इंद्रजीत, ये रं हिकडं. गाडीला अजून येळ हाय. पाव्हण्यांचा गुडघा बघ."

इंद्रजीतनं बॅग खाली ठेवली आणि त्या गृहस्थांसमोर फलाटावर उकिडवा बसला.