ताईच्या गळ्यातली चकती

मी काशाची एक जुनी चकती बोलतेय, आणि घाबरून बोलतेय, हे आधीच सांगते. कोटाच्या बटणाएवढी आहे, मध्ये एक भोक. भित्यापाठी ब्रह्मराक्षस म्हणतात ना, तसं माझं आहे. फरक इतकाच, की माझ्या बाबतीत तो ब्रह्मराक्षस मीच आहे.

माणसाच्या अंगाची ऊब लागली की मी काळ आखडते. खरा काळ आपल्या चालीनेच जातो. पण ज्याच्या अंगावर मी असते त्याला तासभर म्हणजे पाव तास वाटतो. मला मात्र खरा वेळ पळापळाने कळत असतो. झोप अशी मला नाहीच.

फार फार वर्षांपूर्वी एका ओताऱ्याने मला आपल्या आईसाठी घडवलं. त्याचा धाकटा भाऊ गलबतावर गेला होता आणि आई वाट बघून झुरत होती. मी हातात आले आणि तिचं झुरणं थांबलं. पण चुलीवरचं दूध उतू जाऊन करपायचं, तरी ही बसलेलीच. नऊ वर्षांनी मुलगा परतला, तर म्हणाली, "इतक्या लवकर आलास?" ओतारी त्या दिवशी असा हादरला की त्याने मला नेऊन समुद्रात टाकलं. मला वाईट वाटलं नाही. गार चिखलात माझ्यामुळे कुणाचं काही बिघडत नव्हतं.

तिथून मला एका पाणबुड्याने वर काढलं. बोटीच्या पंख्यात जाळी अडकली की हा कमरेला दोर बांधून, छातीत दम भरून खाली जातो आणि सुरीने ती कापतो. दोराचं दुसरं टोक त्याच्या थोरल्या बहिणीच्या हातात असतं. ती मोठ्याने आकडे मोजते. शंभर झाले की ओढायचं, काम अर्धवट राहिलं तरी. घड्याळ ते वापरत नाहीत. घड्याळ बघायचं तर दोरावरची नजर काढावी लागते, असं त्यांचे वडील सांगायचे. भावाने मला घासूनपुसून दोऱ्यात ओवलं आणि ताईला दिलं. तिने कौतुकाने गळ्यात घातलं, आणि तिच्या अंगाची ऊब मला लागली.

दुसऱ्याच दिवशी तो धापा टाकत स्वतःच वर आला.

"काय रे, जेमतेम तीस झाले!" ताई म्हणाली.

"तीस? मला वाटलं सव्वाशे होऊन गेले. मोजतेस की जांभया देतेस?"

"मला नको शिकवूस. पोट बघ केवढं सुटलंय तुझं! दम राहील कसा?"

दोघं हसली. मी नाही हसले. त्या घरात आकडा चुकेल असं कुणाच्या मनातही येत नाही. चुकला तर दमच चुकणार. भाऊ मनातून ओशाळला. "उद्या शंभर पुरे केल्याशिवाय वर येत नाही," म्हणाला. मी किंचाळले असते, पण मला तोंड कुठंय? नुसतं भोक आहे.

काल सकाळी तो एका मोठ्या बोटीखाली उतरला. बोटीवरचा आचारी ताईशेजारी बटाटे सोलत बसला होता. पाण्यावर मधूनमधून बुडबुडे येत होते. चाळिसाला ते थांबले. ताई शांतपणे म्हणाली, एक्केचाळीस. बऱ्याच वेळाने म्हणाली, बेचाळीस. मी भीतीने अर्धमेली झाले.

"ताई," आचारी म्हणाला, "एवढं सावकाश काय मोजताय? तो उतरला तेव्हा पहिला बटाटा घेतला होता मी. हा आठवा."

ताईने सालींकडे पाहिलं आणि अंगातलं सगळं बळ लावून दोर ओढला. भाऊ वर आला तो निळा पडून.

जीव वाचला. आज दुपारी तो इस्पितळात बेशुद्ध पडून आहे. "श्वास स्वतःचा घेतोय," नर्स ताईला म्हणाली, "पण मध्येच अडकू शकतो. मी यंत्र घेऊन येते, तोवर छातीवर नजर ठेवा. हलायची थांबली की लगेच ही घंटा दाबा. जरासुद्धा वेळ घालवू नका."

ताई रडून रडून थकली आहे. "माझंच मोजायचं चुकलं," एवढंच पुटपुटते. माझा तिला संशयही नाही. उलट मला धरलं की जिवाची घालमेल कमी होते, म्हणून तिने मला घट्ट मुठीत घेतलंय. तिचा हात किती गरम आहे!

ताई, मूठ उघड गं. खिडकीतून फेकून दे मला, गटारात जाईन, खुशाल जाईन. त्याची छाती मघाशी खाली गेली ती पुन्हा वर आलेली नाही. तू टक लावून बघतेस, तुझी नजर जराही ढळलेली नाही, आणि पुढचा श्वास आता येईलच म्हणून तू निर्धास्त आहेस. ताई, घंटा दाब!