माघारी फिरलेली बोट

सेगावा चिझुरुची उमेदीची सगळी वर्षं कार्टूनपटांत गेली. आधी दुसऱ्यांच्या हाताखाली चित्रं काढली, मग स्वतः दिग्दर्शन केलं. तिनं चितारलेली माणसं तिच्या मर्जीनं चालत, रडत, वेळ पडली तर उडतसुद्धा. त्यामुळे हाडामांसाच्या नटांचा पहिला सिनेमा मिळाला तेव्हाही तिनं प्रत्येक दृश्य कागदावर रेखाटलं आणि युनिट घेऊन समुद्रकाठच्या ओनोमिची गावाला आली.

शेवटच्या दृश्यात आजी नातीचा डबा घेऊन उतारावरून धक्क्याकडे धावते, पण तिला घेऊन बोट सुटलेली असते. आजी झाल्या होत्या सत्तरी ओलांडलेल्या मित्सुहाशी किकुए. सकाळपासून त्यांची धाव काही जमेना.

"किकुएबाई, चित्रात बघा ना, आजी कशी पाखरासारखी उतरते!"

"बघितलं की. तुझ्या आजीला गुडघे नाहीत, पोरी. मला आहेत, आणि दोन्ही बोंबलतायत."

युनिट खो खो हसलं. चिझुरु आधी गोरीमोरी झाली, मग तिलाही हसू फुटलं.

"बरं, मग तुम्ही काय कराल?"

"मी कशाला धावतेय? हाक मारीन!"

चिझुरुनं कागद गुंडाळून ठेवले. कॅमेरा सुरू झाला. किकुए कठड्याला धरून सावकाश उतरल्या आणि डब्याचं गाठोडं उंच धरून ओरडल्या, "ए बोटवाल्या! थांब की मेल्या! पोरीचा डबा राहिला!"

बोट चालवत होता गावचाच खराखुरा नावाडी, ओकिमोतो. काही झालं तरी थांबायचं नाही, असं त्याला बजावलं होतं. पण त्यानं बोट सरळ माघारी वळवली.

"कॅमेरा बंद करू नका," चिझुरु कुजबुजली.

नातीचं काम करणारी मुलगी बावचळली. तिला पुढे वाक्यच नव्हतं. तिनं धक्क्यावर उडी मारली, डबा घेतला आणि आजीच्या गळ्यात पडली.

"ओकिमोतोसान, थांबू नका म्हटलं होतं ना?" चिझुरुनं नंतर विचारलं.

"म्हटलं होतं हो. पण म्हातारी एवढी जिवाच्या आकांतानं ओरडतेय आणि मी पुढं जाऊ? मला याच गावात राहायचंय, बाई!"

निर्माता कळवळला. "अहो, आपला शेवट विरहाचा होता!"

"होता," चिझुरु म्हणाली.

सिनेमाचा पहिला खेळ ओनोमिचीतच लागला. पडद्यावर बोट वळली आणि थिएटर टाळ्या-शिट्ट्यांनी दणाणलं. पुढच्या रांगेतला ओकिमोतो उठून चहूकडे वाकून नमस्कार करू लागला, तशी मागचे ओरडले, "खाली बस रे, दिसत नाही!"

चिझुरु पडद्याकडे पाहतच नव्हती. भिंतीला टेकून ती हसणारे चेहरे न्याहाळत होती. कुणाचे डोळे गडप झाले होते, कुणाची कवळी निसटत होती. तिनं पर्स चाचपून पेन्सिल काढली आणि तिकिटाच्या पाठीवर भराभरा चितारायला लागली.