उलटे महिने

आमची स्वरांगी बॉबस्लेची चॅम्पियन आहे, हे पुण्यातल्या नातेवाइकांना समजावून सांगताना माझ्या तोंडाला फेस यायचा. दोघींनी एक जड लोखंडी गाडी बर्फावरून ढकलत पळायचं, उडी मारून आत बसायचं आणि ताशी सव्वाशेच्या वेगानं खाली यायचं. पुढची पायलट रस्ता बघते. मागची ब्रेकवाली मान गुडघ्यांत घालून बसते, तिला काही दिसत नाही. ती वळणं अंगानं मोजते आणि शेवटी ब्रेक ओढते. स्वरांगी ही मागची. एवढं सगळं ऐकून माझा आतेभाऊ विचारायचा, "बरं, पण नोकरी काय करते?"

आम्ही राहतो त्या आयर्लंडमधल्या लिमरिकमध्ये बर्फ नाही. पाऊस मात्र हवा तेवढा. इथल्या शाळेत शंभर मीटर पळणारी पोरगी कोणाच्या तरी नजरेत भरली आणि विसाव्या वर्षी चाकं लावलेली गाडी ढकलायला लागली. चोविसाव्या वर्षी युरोपात सुवर्णपदक. पंचविसाव्या वर्षी खेळ बंद, कारण डोकं दुखायचं थांबेना. दोन वर्षं आमच्या घरात पडदे ओढलेले असत आणि माझी बायको मृणालिनी कुकरची शिटीसुद्धा होऊ देत नसे. आता स्वरांगी तेहतीस वर्षांची आहे आणि त्याच खेळाची कोच.

पदकाची गोष्ट मी दर दिवाळीला पाहुण्यांना सांगतो. स्पर्धेच्या आठ दिवस आधी सरावात तिचं डोकं आपटलं होतं. फिट असल्याच्या कागदावर डॉक्टरची सही हवी होती. घरच्या माणसाला तपासू नये असा इथला दंडक, पण आपल्याकडे घरात डॉक्टर असताना बाहेर कोण जातं? माझं अर्धं आयुष्य हॉस्पिटलच्या इमर्जन्सी विभागात गेलेलं. मी तपासलं, सही केली. पोरगी गळ्यात पडून ढसाढसा रडली. आनंदानं, असं मी सांगतो.

गेल्या रविवारी ती जेवायला आली तेव्हा बरोबर ब्रोनाह होती, तिची ब्रेकवाली. वय एकवीस, खांदे दरवाजाएवढे. गुरुवारी ढकलताना पाय घसरून गाडीच्या कडेवर डोकं आपटलं होतं. पुढच्या आठवड्यात स्पर्धा, कोच म्हणून स्वरांगीची पहिलीच मोठी. टीमचे डॉक्टर रजेवर आणि कागद सोमवारी हवा. बदली ब्रेकवाली नाही, म्हणजे ही नाही तर गाडीच नाही.

मी स्वरांगीला बाजूला घेऊन म्हटलं, कोच तू आहेस, तूच ठरव. ती म्हणाली, "मला नाही जमत, बाबा. तिच्याकडे बघितलं की मीच दिसते. तू बघ."

ब्रोनाह खुर्चीत ताठ बसली आणि "आय अ‍ॅम ग्रँड" म्हणाली, म्हणजे मी ठणठणीत. या देशात पाय मोडलेला माणूसही ग्रँडच असतो. मी डोळे पाहिले, एका रेषेत चालवलं, पाच शब्द लक्षात ठेवायला दिले. मग महिने उलटे म्हणायला सांगितले, मार लागलेलं डोकं तिथे अडखळतं. डिसेंबर, नोव्हेंबर, ऑक्टोबर करत ती एका दमात जानेवारीला पोचली.

फार सुरेख म्हटले. घोकून आल्यासारखे.

माझ्या हातात पेन होतं. नऊ वर्षांपूर्वीही असंच होतं, आणि स्वरांगीचे महिने इतकेच सुरेख आले होते. मला तेव्हाही कळलं होतं. आता लिहितोय म्हणून लिहून टाकतो: कळलं होतं.

मी पेनाला टोपण लावलं आणि ब्रोनाहला म्हटलं, "तुमच्या ट्रॅकला सोळा वळणं आहेत ना? खालून वर सांग. डावं की उजवं, लांब की छोटं."

हे कोणी घोकत नाही, कारण उलटं कोणी जात नाही. पण स्वरांगी बरी असताना डायनिंगच्या खुर्चीत बसून, मान गुडघ्यांत घालून, अंग कलवत, सरळ-उलटं दोन्ही सांगायची. ब्रोनाहनं मान गुडघ्यांत घातली. सोळावं आलं, पंधरावं आलं, चौदावं आलं. मग ती डावीकडे कलली, उजवीकडे कलली आणि तशीच थांबली. मान वर केली तेव्हा डोळे भरले होते.

खिडकीपाशी उभी असलेली स्वरांगी येऊन तिच्यापुढे गुडघ्यांवर बसली. "या वर्षी आपण जात नाही," एवढंच म्हणाली आणि तिला कितीतरी वेळ धरून बसली. नंतर मृणालिनीनं ब्रोनाहला वरणभात वाढला आणि झोपायला वरच्या खोलीत पाठवलं.

मी आणि स्वरांगी भांडी विसळत होतो. मला राहवेना. म्हटलं, "तुलाही मी दुसरं काहीतरी विचारू शकलो असतो. मराठी महिने विचारले असते तर तू अडकली असतीस."

स्वरांगी एरवी माझ्याशी इंग्रजीतच बोलते. आत्ता मराठीत बोलली. "मला माहीत होतं तू तेच विचारशील. तेव्हा घरी येताना कारमध्ये बसून पाठ करत होते. फाल्गुन, माघ, पौष, पुढे काही येईना. खूप घाबरले होते."

"आणि मी विचारलंच नाही."

"नाही विचारलंस. म्हणून रडले, बाबा. मला वाटलं होतं, तू मला थांबवशील."

नळ तसाच वाहत होता. मी म्हटलं, माझं चुकलं. नऊ वर्षांत पहिल्यांदा म्हटलं. तिनं नळ बंद केला, ओले हात माझ्या स्वेटरला पुसले, लहानपणी पुसायची तसे, आणि म्हणाली, "आता विचार."

मी विचारलं. ती फाल्गुनापासून निघाली. माघ, पौष, मार्गशीर्ष, कार्तिक, आश्विन. तिथे थांबली, डोळे मिटून शोधायला लागली.

भाद्रपद माझ्या ओठांवर होता. मी तो सांगितला नाही. थांबून राहिलो.