सायेलची पहिली उडी

सायेलने सैन्याच्या खास दलात बावीस वर्षं काढली, आणि निवृत्तीनंतरची बारा वर्षं ती बावीस वर्षं सांगण्यात. त्याच्या सल्त गावात असा एक दिवाणखाना उरला नव्हता जिथे त्याच्या पॅराशूटच्या पहिल्या उडीची गोष्ट झाली नव्हती. बाकीची पोरं विमानात देवाचा धावा करतायत, उडी शिकवणाऱ्या उस्तादाने दार उघडलं न उघडलं तोच सायेल हसत हसत सगळ्यांच्या आधी बाहेर! दर वर्षी ते विमान हजार फूट आणखी वर चढायचं. लोकांचं काय जातंय, ऐकत होते.

आता त्याच्या मुलाचं, घैथचं लग्न ठरत होतं. ठरत कसलं, बायकांनी महिन्यापूर्वीच ठरवून टाकलं होतं. पण आमच्या जॉर्डनमध्ये रीत म्हणजे रीत. चाळीस पुरुषांनी गाड्या भरून इरबिदला मुलीच्या घरी जायचं, मागणी घालायची, आणि बाप 'हो' म्हणेपर्यंत कॉफीला तोंड लावायचं नाही. मुलीचा बाप अबू मआन उंबऱ्यावरच भेटला. पांढऱ्या मिशा, हातात काठी. 'म्हातारा गरीब दिसतोय,' सायेल मनात म्हणाला.

मुलाकडून बोलायचा मान माजी नगराध्यक्ष अबू फव्वाझचा. निवडणुकीत आपटल्यापासून बिचाऱ्याला भाषण मिळालं नव्हतं. आज चाळीस श्रोते, तेही उठून न जाणारे. समोरची कॉफी तशीच ठेवून तो सुटला. "अहो, कोणाच्या घरी मुलगी देताय ठाऊक आहे का? हा घैथचा बाप, अबू घैथ, पहिल्याच उडीला उस्तादाला बाजूला सारून झेपावला!"

अबू मआनने काठी मांडीवर आडवी घेतली. "कोणत्या साली?"

"एकोणनव्वद," सायेल ऐटीत म्हणाला.

"दाराशी उस्ताद कोण होता?"

"होता एक खवीस. नाव कोण लक्षात ठेवतो!"

"मीच तो खवीस."

सायेलने मनातल्या मनात त्या पांढऱ्या मिशा काळ्या करून पाहिल्या. विमानाच्या दारातला, अगदी तोच.

"माझ्या डाव्या पायाला मिठी कोणी मारली होती रे?" अबू मआन म्हणाला. "माझी पोर तुझ्या घरात नांदायची आहे. तिथे खरं बोलतात की नाही, तेवढं कळू दे. उडी मारलीस, की मी ढकललं?"

चुलतभाऊ छत बघू लागले. घैथ मात्र बापाकडे बघत होता. लहानपणी हीच गोष्ट ऐकत झोपायचा तो. आता चेहरा पांढराफटक. खोटं रेटलं तर पोराचं लग्न मोडणार. खरं बोललं तर सल्तमध्ये तोंड दाखवायला जागा उरणार नाही. बावीस वर्षांत सायेलला इतकी भीती कधी वाटली नव्हती. म्हणजे, एकदाच.

"ढकललंत," तो म्हणाला. "आणि जमिनीला लागेपर्यंत मी आईला हाका मारत होतो."

कोणी हसलं नाही. अबू फव्वाझला तेवढा ठसका लागला.

"त्या वर्षी मी साठ पोरं ढकलली," अबू मआन सावकाश म्हणाला. "एकोणसाठ जण अजून सांगत फिरतात, आम्हीच उडी मारली म्हणून. घ्या कॉफी, मुलगी तुमची झाली." आणि नगराध्यक्षांपुढचा कप उचलून त्याने सायेलसमोर ठेवला.

सायेलचा हात काही केल्या उचलेना. शेवटी घैथ मागून वाकला. "बाबा, प्या ना आता," म्हणत त्याने बापाच्या पाठीला हलकेच ढकललं.