जेलिहाची मुलाखत

माझी बायको जेलिहा गेली त्याला चार महिने झाले. तिला आम्ही विमानाने तुर्कस्तानात, योझगातला, गावी नेऊन पुरलं. इथे जर्मनीत, दुइसबर्गमध्ये आमच्या पिढीतलं कोणी गेलं की असंच करतात. इथल्या दफनभूमीत जागा पंचवीस वर्षं आपली असते, मग दुसऱ्याला देतात. ते मला चालणार नव्हतं.

मुलगी नूरगुल वर्तमानपत्रात आहे. बाहेरून आलेली माणसं, त्यांची इथे वाढलेली मुलं, त्यांची भांडणं, हेच लिहिते. रविवारी आली आणि कोट न काढताच बसली. म्हणाली, आई दवाखान्यात असताना मी तिची मुलाखत घेतली होती. शनिवारी छापून येईल. आधी तुम्ही ऐका.

तिने फोन टेबलावर ठेवला. जेलिहाचा आवाज आला. मध्येच खोकत होती.

"मला इथेच ठेवा गं. गावात आता माझं कोण आहे? इथे तू येशील, नातवंडं येतील. पंचवीस वर्षं पुष्कळ झाली. पुढे कोण येतंय?"

नूरगुलने विचारलं होतं, बाबांना सांगितलंस का.

"त्यांना काय सांगायचं? इथे आणलं तेव्हा मला विचारलं नव्हतं. न्यायच्या वेळी तरी कशाला विचारतील?"

पुढे नुसता खोकला होता. मला तोही ऐकायचा होता, पण नूरगुलने फोन बंद केला.

"मशिदीच्या अंगणात तिची शवपेटी ठेवली होती, तू बाजूलाच होतीस," मी म्हणालो. "तेव्हा का नाही बोललीस?"

"तुम्ही तिकिटं काढून मोकळे झाला होतात, बाबा."

"अडवायचं होतंस."

"तुम्हाला?"

"सगळ्या जगाला सांगायला तोंड आहे. बापाला सांगायला नव्हतं."

तिने बोटातली अंगठी फिरवली. मग म्हणाली, हो, घाबरले मी. जाताना तिने विचारलं, लेखातली नावं बदलू का? मी नको म्हणालो. बोलणं तिचं आहे, तिच्या नावाने येऊ दे. माझंही घाल.

शनिवारी चहाच्या दुकानात बेकिरने लेख वाचून दाखवला. तो तीस वर्षं माझ्याबरोबर लोखंडाच्या भट्टीवर होता. जर्मन त्याला माझ्यापेक्षा बरं येतं. वर्तमानपत्राच्या कचेरीने नावं बदललीच होती. जेलिहाची कोणी एमिने झाली होती, माझा अहमत. लेखावर नूरगुलचंही नाव नव्हतं.

सगळ्यांचं एकच म्हणणं पडलं, अहमतने केलं ते योग्यच केलं. बायका आजारपणात काहीही बोलतात. पोरीला मात्र लाज नाही.

"तो अहमत मी आहे," मी म्हणालो. "आणि माझं चुकलं."

दोघेजण उठून काउंटरकडे गेले. बेकिरने पेपरची घडी घातली आणि खुर्ची माझ्याजवळ ओढली.

"म्हणजे हे लिहिणारी तुमची नूरगुल? तिला सांग, आमच्या घरी येऊ नकोस म्हणावं. माझी बायको फिरदेव्स पण अंथरुणाला खिळली आहे."

"मग आजच घरी जाऊन फिरदेव्सला विचार."

"काय विचारू?" बेकिर म्हणाला.